नायिकेची आई, पण तेराच वर्षांनी मोठी

'चार्ली अँड द चॉकलेट फॅक्टरी' हा २००५ चा सिनेमा घरात मुलं असतील तर एकदा तरी पाहिला असेल. त्यातला तो पलंग आठवा. चार म्हातारे, एकच पलंग, दोन डोकी या टोकाला आणि दोन त्या टोकाला. त्यातली एक आजी सगळं घर काळजीत असताना आपल्याच तंद्रीत असते आणि मध्येच भलतंच काहीतरी बोलून जाते. ती ब्रिटिश नटी लिझ स्मिथ. तेव्हा तिचं वय होतं ८३, आणि कॅमेऱ्यासमोर उभं राहायला लागून तिला जेमतेम पस्तीस वर्षं झाली होती. हिशेब करून पाहा.

मोबाइलवर ब्रिटिश मालिका पाहायची सवय लागलेल्या मंडळींना काही प्रश्न हमखास पडतात. मालिका सहाच भागांत कशी संपली? ही शेजारीण मागच्या मालिकेत पोलिसाची आई होती ना? आणि एवढ्याशा कामावर ही बाई जगते तरी कशी? सध्या बीबीसीच्या पैशांवरून ब्रिटनमध्ये वाद चालू आहे. बीबीसीला कारभाराचा अधिकार देणारी राजसनद २०२७ अखेर संपते आणि पुढे काय यावर संसदेपासून घराघरापर्यंत चर्चा आहे. त्या चर्चेत मोठमोठ्या निवेदकांचे पगार निघतात, शेजारणीचा कुणी काढत नाही. म्हणून हा लेख शेजारणीबद्दल.

आधी शब्द नीट करून घेऊ

इंग्रजीत ज्याला सपोर्टिंग रोल म्हणतात त्याला आपण साहाय्यक किंवा दुय्यम भूमिका म्हणतो. दोन्ही शब्द मला पटत नाहीत. 'साहाय्यक'ला सरकारी कचेरीचा वास येतो, आणि 'दुय्यम' म्हटलं की कमअस्सल वाटतं. आपल्याकडे गाण्याच्या मैफिलीत तबला आणि पेटी वाजवणाऱ्यांना साथीदार म्हणतात. मी या लेखात 'साथीची भूमिका' असाच शब्द वापरणार आहे.

व्याख्या सोपी आहे. गोष्ट जिच्याबद्दल आहे ती मुख्य. गोष्ट जिच्याबद्दल नाही, पण जिच्यावाचून पुढे सरकत नाही, ती साथीची. लग्नघर डोळ्यांसमोर आणा. सगळा सोहळा नवरीचा. पण ऐन मुहूर्ताला अंतरपाट कुठल्या पिशवीत आहे, हे ठाऊक असतं एका मावशीलाच. फोटोंत ती कडेला, अर्धी कापलेली. ती नसती तर भटजी मंगलाष्टकं थांबवून बसले असते.

यात एक गोम आहे. मुख्य पात्राला प्रेक्षक वेळ देतो. पहिल्या भागात नाही पटलं तर तिसऱ्या भागात पटेल. साथीच्या पात्राला एवढी सवलत नसते. दाराची बेल वाजते, ती आत येते, चार वाक्यं बोलते आणि जाते. तेवढ्यात ही बाई कोण, किती वर्षं एकटी आहे, कुणावर रागावली आहे, हे सगळं कळलं पाहिजे, आणि तरीही मुख्य पात्राच्या पुढे पुढे करता कामा नये. तबलजी स्वतःच रंगात येऊन गवयावर चढला तर मैफल बिघडते, तसंच.

स्कन्थॉर्पची बेटी

लिझ स्मिथ जन्मली ११ डिसेंबर १९२१ ला, इंग्लंडच्या पूर्वेकडे लिंकनशर परगण्यातल्या स्कन्थॉर्प या पोलादाच्या गावात. खरं नाव बेटी. ती दोन वर्षांची असताना आई बाळंतपणात गेली. सात वर्षांची असताना वडिलांनी दुसरं लग्न केलं आणि मागचं सगळं तोडलं, म्हणजे मुलीलाही. आजीने वाढवलं. नऊ वर्षांची असताना गावातल्या हौशी नाटकांत ती कामं करायला लागली, आणि गंमत म्हणजे तेव्हाही तिच्या वाट्याला म्हाताऱ्याच यायच्या.

मग महायुद्ध आलं. ती नौदलाच्या महिला दलात गेली. १९४५ मध्ये लग्न, दोन मुलं, आणि १९५९ मध्ये घटस्फोट. पुढची दहाएक वर्षं म्हणजे एकट्या बाईने दोन मुलं सांभाळत मिळेल ते काम करण्याची. प्लास्टिकच्या पिशव्यांच्या कारखान्यातसुद्धा. संध्याकाळी मात्र ती लंडनमध्ये चार्ल्स मारोविट्झ या अमेरिकेहून आलेल्या दिग्दर्शकाच्या गटात तालमी करायची. हा गट उत्स्फूर्त अभिनयावर भर देणारा होता. संहिता हातात नाही, फक्त प्रसंग दिला आहे, आता बोला आणि वागा.

१९७० च्या सुमारास ती लंडनच्या रीजंट स्ट्रीटवरच्या हॅम्लीज या खेळण्यांच्या प्रसिद्ध दुकानात विक्रेती होती. तिथे तिला निरोप आला. माईक ली नावाच्या एका तरुण दिग्दर्शकाला पहिल्या सिनेमासाठी मध्यमवयीन बाई हवी होती, आणि तीही उत्स्फूर्त अभिनय जमणारी. लीची पद्धत अशी की संहिता आधी नसतेच. नटांबरोबर कित्येक आठवडे बसून पात्रं घडवायची आणि त्यातून गोष्ट निघू द्यायची. नाट्यशाळेतून नुकत्या बाहेर पडलेल्या मुली त्याला ढिगाने मिळाल्या असत्या. पन्नाशीला टेकलेली, आयुष्याचे टक्केटोणपे खाल्लेली, आणि शिवाय ही विद्या येणारी बाई मिळणं अवघड होतं. तो सिनेमा १९७१ चा 'ब्लीक मोमेंट्स'.

दोन वर्षांनी लीने बीबीसीसाठी 'हार्ड लेबर' केलं. मँचेस्टरलगतच्या सॅल्फर्डमधली एक प्रौढ बाई, स्वतःच्या घरचं सगळं करून दुसरीच्या घरची साफसफाई करते, आणि तिच्याकडे नवऱ्यासकट कुणाचंच लक्ष नसतं. या मिसेस थॉर्नलीचं काम लिझ स्मिथने केलं. म्हणजे बघा, जन्मभर साथीच्या भूमिका करणाऱ्या या नटीला टीव्हीवर पहिलं मोठं काम मिळालं ते मुख्य भूमिकेचं, आणि तीही आयुष्यात कधीच मुख्य न झालेल्या बाईची.

असं काम दाखवत तरी कोण होतं?

इथे थोडं पैशांकडे वळावं लागेल. ब्रिटनमध्ये टीव्हीवर थेट प्रक्षेपण पाहणाऱ्या प्रत्येक घराला वर्षाला एक फी भरावी लागते, तिला लायसन्स फी म्हणतात. एप्रिल २०२५ पासूनच्या वर्षात ती १७४.५० पौंड होती. आपल्याकडेही एके काळी रेडिओचं लायसन पोस्टात जाऊन भरावं लागे. ज्यांच्या घरी ती पुस्तिका ट्रंकेत जपून ठेवलेली असे त्यांना हा मामला लगेच कळेल. या पैशांवर बीबीसी चालते आणि देशात जाहिराती दाखवत नाही.

जाहिरात नसली की एक फरक पडतो. साबणवाल्याला विचारावं लागत नाही की मोलकरणीच्या आयुष्यावर सव्वा तासाचं नाटक लावलं तर चालेल ना. बीबीसीवर १९७० ते १९८४ 'प्ले फॉर टुडे' नावाची मालिका होती. मालिका म्हणजे नावालाच. दर वेळी नवं, स्वतंत्र नाटक, नवा लेखक, नवे नट. 'हार्ड लेबर' त्यातलंच. अशी तीनशेच्या आसपास नाटकं झाली, आणि प्रत्येकात शेजारणी, परिचारिका, घरमालकिणी, सासवा लागायच्याच. साथीच्या नटांना ही रोजगार हमी योजनाच होती म्हणा ना.

आता कुणी म्हणेल, जाहिरातींवर चालणाऱ्या आयटीव्हीनेही उत्तम कामं केलीच की. केली. किंबहुना सामान्य बायांचं सगळ्यात मोठं व्यासपीठ तिथेच उभं राहिलं, त्याकडे येतेच. पण एकदाच दाखवायचं, नाव नसलेल्या नटीवर बेतलेलं, दुःखी नाटक जाहिरातदाराच्या गळी उतरवणं कठीण, हे मात्र खरं.

आठवडाभराची नोकरी

आपल्याकडची रोजची मालिका वर्षानुवर्षं चालते. ब्रिटिश विनोदी मालिका एका वर्षाला सहा भागांची, अर्ध्या अर्ध्या तासाची. का? कारण बहुतेक वेळा एक किंवा दोनच लेखक सगळं लिहितात, आणि माणसाच्या डोक्यात वर्षाला चांगले सहाच भाग येतात, असा एक रोखठोक विचार.

एक भाग म्हणजे साधारण एक आठवडा. सोमवारी सगळे टेबलाभोवती बसून संहिता वाचायचे. मग तालमी. बीबीसीने त्यासाठी पश्चिम लंडनमधल्या ॲक्टन भागात १९७० मध्ये एक उंच इमारतच उभारली होती. नट तिला थट्टेने 'ॲक्टन हिल्टन' म्हणायचे. रिकाम्या खोलीत जमिनीवर चिकटपट्टीने दिवाणखाना आखलेला. ही रेघ म्हणजे दार, ते चार खुर्च्यांचं कडं म्हणजे सोफा. आठवड्याच्या शेवटी स्टुडिओत दोनअडीचशे प्रेक्षकांसमोर चित्रण. सहा आठवडे झाले की घरी. पुढच्या वर्षी मालिका परत आली तर आली.

हे काम मिळायचं कसं? तीन गोष्टी लागायच्या. पहिली, एजंट, म्हणजे नटीच्या वतीने कामं शोधून पैशांची बोलणी करणारा माणूस, साधारण दहा ते पंधरा टक्के घेणारा. दुसरी, 'स्पॉटलाइट' नावाची नटनट्यांची यादी. १९२७ पासून ती निघते. आता इंटरनेटवर असली तरी अनेक दशकं तिचे फोटोंसकट जाडजूड ग्रंथ यायचे. वधूवर सूचक मंडळाची पुस्तिका पाहिली असेल तर वेगळं सांगायला नको. उंची, वय, आणि एक बरा फोटो. तिसरी गोष्ट म्हणजे 'इक्विटी' या १९३० साली स्थापन झालेल्या नटांच्या संघटनेचं कार्ड. १९९० पर्यंत या कार्डाशिवाय काम मिळणं जवळजवळ अशक्य होतं आणि कामाशिवाय कार्ड मिळणं अशक्य. नोकरीला अनुभव हवा, अनुभवाला नोकरी हवी, हे दुखणं आपल्या ओळखीचंच आहे.

या कोंडीतून सुटायची नेहमीची वाट म्हणजे रेपर्टरी, अर्थात गावोगावच्या कायमच्या नाटक कंपन्या. आपल्या नाटकाच्या बसच्या अगदी उलट प्रकार. आपल्याकडे नाटक तेच राहतं आणि गाव बदलतं. तिथे गाव तेच, नाटक दर आठवड्याला नवं. रात्री एका नाटकात राणी व्हायचं आणि दिवसा पुढच्या नाटकातल्या स्वयंपाकिणीचं पाठांतर करायचं. अशी दहा वर्षं काढलेली नटी टीव्हीवर चार वाक्यांत म्हातारी उभी करते यात नवल नाही. तिने अशा दोनशे म्हाताऱ्या करून झालेल्या असतात.

मग घर कसं चालायचं?

हा प्रश्न रास्त आहे. सहा आठवड्यांच्या कामावर वर्ष निघत नाही. उत्तर दोन भागांत आहे.

एक म्हणजे रिपीट फी. भाग पुन्हा दाखवला की नटांना पुन्हा काही पैसे मिळतात. दर इक्विटी आणि वाहिन्या यांच्यातल्या करारांनी ठरतात. परसातल्या फणसासारखं आहे हे. झाड एकदाच लावलं, फळं दर वर्षी, पण किती धरतील ते आपल्या हातात नाही. मालिका लोकांना आवडली तर शेजारणीलाही त्यातलं काही मिळत राहतं. नाही आवडली तर सहा आठवड्यांचा मेहनताना आणि रामराम.

दुसरं म्हणजे एकाच वेळी अनेक परसांत झाडं लावणं. लिझ स्मिथने हेच केलं. १९७५ ते १९७९ 'आय डिडन्ट नो यू केअर्ड' या उत्तर इंग्लंडातल्या कामगार कुटुंबावरच्या बीबीसी मालिकेत मिसेस ब्रँडन. मध्ये सिनेमे. 'द व्हिकर ऑफ डिब्ली' ही खेड्यात आलेल्या पहिल्या महिला पाद्रीवरची गाजलेली मालिका. तिच्यात ही लेटिशिया क्रॉप्ली झाली, केकमध्ये काय काय भयंकर जिन्नस कालवणारी आणि ते प्रेमाने सगळ्यांना खायला घालणारी. १९९४ मध्ये मालिका सुरू झाली आणि १९९६ च्या ईस्टरच्या भागात लेटिशियाला मृत्यू आला. सगळे मिळून सात भाग. ब्रिटनमध्ये आजही कुणी विचित्र पदार्थ पुढे केला की तिची आठवण निघते. सात भागांत एवढं पदरात पाडून घेणं म्हणजे काय, ते वर्षाला तीनशे भाग करणाऱ्या आपल्या लेखकांना विचारा.

त्यापेक्षा एकच पक्की नोकरी नाही का बरी?

तीही सोय होती. 'कॉरोनेशन स्ट्रीट' ही आयटीव्हीची मालिका ९ डिसेंबर १९६० ला सुरू झाली आणि अजून चालू आहे. उत्तर इंग्लंडातली एक गल्ली, तिच्यातला एक पब, आणि माणसं. अशा न संपणाऱ्या मालिकेला तिथे सोप म्हणतात.

तिच्यात १९६४ पासून जीन अलेक्झांडर हिल्डा ऑग्डेन व्हायची. पबमध्ये झाडूपोछा करणारी, डोक्याला कायम कर्लर आणि रुमाल, कर्कश गाणारी, गल्लीची चौकशी कचेरी. २३ वर्षं तिने ही बाई केली. १९८४ मध्ये तिच्या पडद्यावरच्या नवऱ्याचं काम करणारे बर्नार्ड यूएन्स वारले, तेव्हा मालिकेतही स्टॅन ऑग्डेन गेला. दवाखान्यातून आलेलं त्याच्या वस्तूंचं पुडकं हिल्डा सोडते, आत चष्म्याची डबी निघते, आणि गल्लीभर बडबड करणारी ही बाई एक शब्द न बोलता रडते. साथीच्या भूमिकेत वीस वर्षं साठवलेलं भांडवल एका मिनिटात कसं खर्च करायचं, याचा एवढा चांगला धडा मला दुसरा माहीत नाही. १९८७ च्या ख्रिसमसला हिल्डाने गल्ली सोडली. तो भाग, पुनःप्रक्षेपण धरून, सुमारे २ कोटी ६६ लाख लोकांनी पाहिला.

पक्क्या नोकरीची किंमतही पक्की असते. इतकी वर्षं कर्लर लावून वावरलेली नटी दुसऱ्या कुठल्या रूपात लोक पाहतील का? जीन अलेक्झांडरला लगेचच 'लास्ट ऑफ द समर वाइन'मध्ये चिक्कू दुकानदारीणबाईचं काम मिळालं आणि ते २०१० मध्ये मालिका संपेपर्यंत टिकलं. प्रत्येकीचं नशीब एवढं बरं नसतं.

शेवटी त्याच त्या म्हाताऱ्या ना?

हा आक्षेप मी स्वतःही घ्यायचे. लिझ स्मिथ म्हणजे वेंधळी आजी, संपलं. मग 'द रॉइल फॅमिली' पाहिली.

१९९८ मध्ये बीबीसीवर आलेली ही मालिका कागदावर वाचली तर कुणी घेतली नसती. मँचेस्टरमधलं एक घर. एक सोफा, समोर टीव्ही. कुटुंब टीव्ही पाहतंय. झालं. लेखिका आणि नटी कॅरोलाइन अहर्नने आग्रह धरला की समोर प्रेक्षक नकोत, मागून हशा नको. तीन वर्षांत वीस भाग, आणि जवळजवळ सगळे त्या एका खोलीत.

लिझ स्मिथ इथे नॅना, म्हणजे घरधनीण बार्बराची आई. ती पाहुणी म्हणून येते आणि जायचं नाव काढत नाही. जावई जिम तिच्यावर सतत करवादतो आणि तिला ते ऐकू आलं की नाही हे कधीच नक्की कळत नाही. हीच तिची खरी करामत. तोंडावर तोच भोळा भाव, हातात खाऊचं काहीतरी, आणि दोन क्षण थांबून अशी एक गोष्ट बोलून जाते की जिमची बोलतीच बंद. आपल्या घरांत अशी एक आजी असतेच. बहिरी असते, पण फक्त सोयीपुरती.

स्टुडिओतले प्रेक्षक नसल्यामुळे हशाची वाट पाहत थांबावं लागत नव्हतं. त्यामुळे तिला गप्प राहायला जागा मिळाली. साथीच्या नटीचं निम्मं काम दुसरा बोलत असताना चालतं, हे या मालिकेत जेवढं लख्ख दिसतं तेवढं क्वचित कुठे दिसत असेल.

मालिका २००० मध्ये थांबली आणि ऑक्टोबर २००६ मध्ये एका मोठ्या भागासाठी परत आली, 'द क्वीन ऑफ शीबा'. नॅना आता अंथरुणाला खिळलेली. मुलगी तिचे केस सारखे करते, दोघी इकडचं तिकडचं बोलतात. काहीच घडत नाही, आणि बघणाऱ्याच्या घशात आवंढा. नॅना त्या भागात जाते. लिझ स्मिथ तेव्हा ८४ वर्षांची होती आणि कॅमेऱ्यापुढे मरणाचं काम करत होती. त्या भागाला पुढच्या वर्षी सर्वोत्कृष्ट विनोदी मालिकेचं बाफ्टा मिळालं. बाफ्टा म्हणजे ब्रिटनचे सिनेमा आणि टीव्हीचे सर्वांत मानाचे पुरस्कार.

आता मिसेस थॉर्नली, लेटिशिया आणि नॅना एकापुढे एक ठेवा. एक गप्प, कारण तिला बोलायला कुणी शिकवलंच नाही. एक बडबडी, कारण तिला एकटेपणा नको आहे. आणि एक गप्प, कारण तिला सगळं कळतं. तिघींचा पदर पांढरा असला म्हणून साडी एकच होत नाही.

तिच्या कामाचा आणखी एक दाखला. ॲलन बेनेटने लिहिलेल्या 'अ प्रायव्हेट फंक्शन' या १९८४ च्या सिनेमात ती मॅगी स्मिथची म्हातारी आई झाली होती. मॅगी स्मिथचा जन्म १९३४ चा. म्हणजे आई लेकीपेक्षा तेराच वर्षांनी मोठी. आपल्याकडे नायकाच्या आईचं काम करणाऱ्या नट्यांना हे गणित नवं नाही.

दार सगळ्यांनाच उघडं होतं का?

नाही. लिझ स्मिथच्या गोष्टीला 'वयाचं काय घेऊन बसलात' अशा थाटात सांगितलं जातं, तेव्हा माझी कुरबुर असते. दार उघडलं, पण ते ठराविक चेहऱ्याला.

झोहरा सेहगल यांचं पाहा. उदय शंकर यांच्या नृत्यपथकात त्यांनी जगभर दौरे केले होते. मग मुंबईत पृथ्वीराज कपूर यांच्या पृथ्वी थिएटर्समध्ये चौदा वर्षं काम केलं. ही रेपर्टरीच होती, फक्त रेल्वेच्या डब्यातून फिरणारी. १९६२ मध्ये त्या लंडनला गेल्या, पन्नाशीच्या. एवढा अनुभव गाठीशी असूनही ओल्ड व्हिक नाट्यगृहात त्यांनी ड्रेसरचं काम केलं, म्हणजे दुसऱ्या नटनट्यांना वेशभूषा चढवायला मदत करायची. १९६४ पासून बीबीसीवर बारीकसारीक भूमिका मिळत गेल्या. पण लेखकांच्या डोक्यात हिंदुस्तानी बाई म्हणजे आया, दासी, फार तर दुकानदाराची बायको. कुठल्याही गल्लीतली शेजारीण त्यांना मिळत नव्हती, कारण त्या काळच्या संहितांतल्या गल्ल्यांमध्ये त्यांच्यासारखी शेजारीण राहतच नव्हती. प्रत्यक्ष लंडनमध्ये मात्र राहत होती.

१९८४ मध्ये ग्रॅनडा वाहिनीने 'द ज्युएल इन द क्राउन' ही ब्रिटिश राज्याच्या अखेरच्या वर्षांवरची चौदा भागांची मालिका केली, तिच्यात त्या लेडी चॅटर्जी झाल्या. वय ७२ च्या आसपास. मग चॅनल ४ वर 'तंदुरी नाइट्स'. नव्वदच्या दशकात त्या भारतात परतल्या आणि हिंदी सिनेमाने त्यांना आजी केलं. आपण त्यांना त्याच रूपात ओळखतो.

पुढच्या पिढीने वेगळा मार्ग काढला. काम मिळत नाही तर लिहूनच काढायचं. भारतीय वंशाच्या मीरा स्याल हिने 'गुडनेस ग्रेशस मी' ही ब्रिटनमधल्या भारतीयांवरची विनोदी मालिका लिहिण्यात हात घातला आणि २००१ मध्ये 'द कुमार्स ॲट नंबर ४२' या दुसऱ्या विनोदी मालिकेत ती आजी झाली. वय चाळीस, तोंडावर मेकअपच्या सुरकुत्या. पडद्यावर तिचा नातू झालेल्या संजीव भास्करशी तिने २००५ मध्ये लग्न केलं. एवढं सरळ साधं नातं आपल्या मालिकांतही सापडणार नाही.

आज हॅम्लीजमध्ये फोन वाजेल का?

वाजेलही. पण तो करणाऱ्याचं गणित बदललं आहे. स्वतंत्र नाटकांची जागा १९८४ नंतर आकसत गेली. चॅनल ५ ने २०२५ मध्ये 'प्ले फॉर टुडे' हे नाव पुन्हा वापरायला घेतलं, हे खरं, पण ती एक फांदी आहे, रान नाही. गावोगावच्या रेपर्टरी कंपन्या बहुतेक बंद झाल्या. म्हणजे टीव्हीच्या आधीची शाळाच राहिली नाही.

परकीय स्ट्रीमिंग कंपन्यांनी ब्रिटनमध्ये पैसा ओतला. त्यांच्या मालिका भव्य असतात, आणि भव्य मालिकेला ओळखीचे चेहरे लागतात. मुख्य भूमिकेत मोठं नाव, साथीलाही मोठं नाव. मेहनतान्याची रीतही वेगळी. रिपीट फीऐवजी पुष्कळदा एकदम ठोक रक्कम, पुढे किती वेळा दाखवलं त्याचा हिशेब नाही किंवा अगदी मर्यादित. परसातला फणस विकून टाकला आणि एकरकमी पैसे घेतले. हातात आज जास्त येतं, पण पावसाळ्यात काही धरत नाही. हे दर कसे असावेत यावर इक्विटीची बोलणी चालूच असतात.

लायसन्स फी गेली तर काय होईल, यावर तज्ज्ञांची मतं अनेक आहेत. मला एवढंच दिसतं की मिसेस थॉर्नलीला ज्या पैशांतून पडदा मिळाला, तो कुणी विशिष्ट माणसाने तिकीट काढून दिलेला नव्हता. ती पाहायची म्हणून कुणी वर्गणी भरली नसती.

आणि बक्षिसं?

बाफ्टाच्या टीव्ही पुरस्कारांत अभिनयासाठी मुख्य आणि साथीची असे वेगळे गट बराच काळ नव्हते. ती शेजारीण आणि ती महाराणी एकाच रांगेत. साथीच्या अभिनेत्रीचं वेगळं बाफ्टा टीव्हीसाठी २०१० मध्ये सुरू झालं. त्यानंतर चित्र थोडं हललं. 'कॉरोनेशन स्ट्रीट'मध्ये नव्वदच्या दशकात पबच्या काउंटरमागे उभी राहणारी सॅरा लँकेशर हिला २०१४ मध्ये साथीचं बाफ्टा मिळालं आणि २०१७ मध्ये मुख्य भूमिकेचं.

लिझ स्मिथला २००९ मध्ये लागोपाठ पक्षाघाताचे झटके आले आणि ८७ व्या वर्षी तिने काम थांबवलं. म्हणजे गट सुरू झाला तो ती घरी बसल्यानंतरच्या वर्षी. २४ डिसेंबर २०१६ ला ती गेली, ९५ वर्षांची होऊन. टीव्हीतल्या साथीचं बाफ्टा तिच्या नावावर नाही. सिनेमातलं आहे, १९८४ च्या त्या 'अ प्रायव्हेट फंक्शन'साठी. युद्धानंतरच्या रेशनच्या दिवसांत एका गावाने चोरून पाळलेल्या डुकराची ती गोष्ट आहे, आणि तिच्यात लिझ स्मिथच्या वाट्याला आलेली म्हातारी फारसं कुणाचं ऐकतच नाही.